काचेवरचा कागद

"लायसन नाही म्हणजे पैसाही नाही, हे मी मघापासून सांगतोय," असं म्हणून विमा कंपनीच्या ओकुमू साहेबांनी माझ्या बॉनेटवर थाप मारली.

"गाडीला का मारता साहेब? तिच्याकडे कुणी लायसन मागितलेलं नाही," किलोन्झो म्हणाला.

"तू बोलूच नकोस," वायुआबाई त्याच्यावर कडाडल्या. "त्या दिवशी गाडी तूच चालवत होतास, एवढं एक वाक्य तोंडातून काढ. सगळं मिटतंय."

"मिटतंय तुमचं. तुरुंगात मी जाईन. मी जेवायला बसलो होतो बाई, अख्ख्या बाजारानं बघितलंय. आता त्या चार घासांपायी तुरुंगातलं जेवू?"

मी क्येनी बोलतेय. थाप पडली ते बॉनेट माझं. पोलीस ठाण्याच्या आवारात, माझ्याभोवती, माझ्यावरूनच हे भांडण चाललं होतं आणि मला कुणी काही विचारत नव्हतं. गाडीला विचारायची पद्धत नाही. म्हणून हे भांडण इथं जरा उभं करून ठेवते आणि आधी माझं सांगून घेते. नाहीतर तुम्हीही त्या साहेबांसारखे मधेच येऊन निकाल द्याल.

मी मटाटू आहे. मचाकोसहून वामुन्यूला माणसं नेणारी, चौदा सीटांची गाडी. चौदा हा आकडा माझ्या दारावर रंगवलेला होता, आत मी तो कधी पाहिला नाही. माणसाला जागा नाही असं सांगितलं की तो रागावतो, आणि जागा मिळाली की पुढच्याला जागा नाही असं तोच ओरडून सांगतो. एवढी वर्षं माणसं वाहिली, पण यात फरक पडलेला बघितला नाही.

जन्म जपानचा. तिथं मी एका नवराबायकोच्या फुलांच्या दुकानात कामाला होते. दोघं मला फडक्यानं पुसायची आणि माझ्याशी एक शब्द बोलायची नाहीत. मग बोटीत घातली, मोंबासाला उतरवली, आणि वायुआबाईंनी मला विकत घेतलं. बाई शाळामास्तरीण होत्या. मुलांना शिकवून शिकवून जे साठलं होतं ते सगळं त्यांनी माझ्यात घातलं. माझ्या पाठीवर जपानी अक्षरं होती, ती पेंटर खरवडायला निघाला तर बाई म्हणाल्या, राहू दे, परदेशातून आलीय हे दिसू दे लोकांना. पुढं रस्त्याच्या कामावर आलेल्या एका जपानी इंजिनियरनं ती वाचली आणि पोट धरून हसला. लिहिलं होतं, मागच्यांनी सावकाश यावं, आत फुलं आहेत. त्या वेळी माझ्या आत दोन बकऱ्या, एक शिवणयंत्र आणि लग्नाला निघालेलं अर्धं गाव होतं.

बाईंनी माझं नाव ठेवलं क्येनी. आमच्या कांबा बोलीत क्येनी म्हणजे उजेड. नाव मला शोभलं असं माझं मत आहे.

शाळेत मी गेले नाही, शाळेपर्यंत गेले. जे शिकले ते काचेतून बघून. दुकानांच्या पाट्या वाचत वाचत अक्षरं आली. आणि कायदा आला तो या पोलीस ठाण्याच्या आवारात. खटला चालू असेपर्यंत धडक दिलेल्या गाडीला इथं उभं ठेवतात. माझ्या एका बाजूला खताचा ट्रक होता, दुसऱ्या बाजूला चेपलेली मोटारसायकल. वकील मंडळी येतात, सावलीसाठी आम्हाला टेकून उभी राहतात आणि अशिलाशी बोलतात. कोर्टात वकील काय बोलतात ते मला माहीत नाही. गाडीला टेकलेला वकील मात्र खरं बोलतो. मी महिनोन् महिने ऐकलं. कुणाला वाटत असेल की म्हातारी गाडी फुशारकी मारतेय, तर त्यानं खुशाल येऊन मला विचारावं.

आता तो कागद. आमच्याकडे मटाटूचा विमा महिन्यामहिन्यानं भरतात, कारण वर्षाचा एकदम भरण्याइतकं कुणाच्या हातात काही राहत नाही. भरला की एक चौकोनी कागद मिळतो. त्यावर विमा कंपनीचं नाव, माझा नंबर, आणि कधीपर्यंत चालेल ती तारीख. तो काचेला चिकटवतात. महिना संपला की खरवडायचा, नवा लावायचा. वायुआबाईंनी एकही महिना चुकवला नाही. घरी चहात साखर कमी पडली असेल, माझ्या काचेवर कागद नाही असं झालं नाही. हे मी बाईंच्या बाजूनं सांगून ठेवते, कारण पुढं त्यांच्या विरुद्धही सांगायचं आहे.

किलोन्झो माझा ड्रायव्हर. लायसनवाला, अंगानं जाड, स्वभावानं चांगला, पोटाला पक्का. दुपार झाली की त्याला मुथोकोई लागायचंच, कांडलेला मका आणि घेवडा, वर पालेभाजी. ते खाऊन तो बाकावर आडवा व्हायचा. तोवर गाडी उभी कशी ठेवायची? मालकिणीला दिवसाचा आकडा तर द्यायचाच असतो. म्हणून थांब्यावर बदलीवाले बसलेले असतात. त्यांना स्क्वॉड म्हणतात. ड्रायव्हर जेवतो तोवर स्क्वॉडवाला एकदोन खेपा मारतो आणि त्यातलं थोडं घेऊन पुन्हा बाकावर जाऊन बसतो. त्यांच्यापैकी कुणाकडे लायसन असतं, बऱ्याच जणांकडे नसतं. हे थांब्याला माहीत असतं, मालकांना माहीत असतं, पोलिसांना माहीत असतं. वायुआबाई म्हणतात त्यांना माहीत नव्हतं. मला त्यावर बोलायचं नाही. दुपारच्या खेपांचे पैसे त्यांनी कधी परत केले नाहीत, एवढंच सांगते.

आणि अशा वेळी किलोन्झोची एक सवय होती, सगळ्यांचीच असते. आपलं लायसन तो माझ्या समोरच्या काचेवरच्या, ऊन अडवणाऱ्या झापेमागं खोचून जायचा. लाल पुस्तक, आत फोटो. वाटेत पोलिसानं हात केला तर स्क्वॉडवाल्यानं ते दाखवायचं. पोलीस पुस्तकाचा रंग बघतो. उन्हात उभं राहून कोण फोटो पडताळतंय?

माझा स्क्वॉडवाला मुन्याओ. हात चांगला, घाई फार.

आता कामेने म्हातारीचं सांगते. कीथेनी फाट्यावर आंब्याखाली ती बसायची. तिच्या पायाशी घायपाताच्या वाखाचा ढीग. उजवा पाय लांब करायचा, लुगडं वर सारायचं, वाखाचे दोन पदर उघड्या मांडीवर ठेवून तळव्यानं पुढं लोटायचे की दोरी वळली. त्या दोरीच्या पिशव्या. आमच्याकडच्या बायका ते काम चालता चालताही करतात, पण दोरी वळायला मांडी लागते. कामेनेची दोरी इतकी एकसारखी असायची की नैरोबीचे व्यापारी आधी तिची पिशवी दाताखाली धरून बघायचे आणि मगच भाव काढायचे.

तीही माझ्यासारखीच, शाळेशिवाय शिकलेली. आंब्याखाली बसून समोरून जाणाऱ्या मटाटूंच्या काचा वाचून वाचून तिला वाचता यायला लागलं. आणि वाचायला आलं म्हटल्यावर ती गप्प कशी बसेल? कुणाचा कागद संपलेला दिसला की ती बसल्या जागेवरून ओरडायची. "अरे ए, तुझा कागद मागच्या रविवारी मेला. त्याला मूठमाती दे आणि मग माणसं भर." प्रवासी तडक उतरून दुसऱ्या गाडीत बसायचे. ड्रायव्हर लोक पोलिसाला घाबरत नसत इतके त्या आंब्याला घाबरायचे. मला मात्र ती दोन बोटांनी पुढं जायची खूण करायची. माझा कागद नेहमी जिवंत असायचा.

बुधवारचा बाजार होता, कीथेनी फाट्याला लागूनच. किलोन्झो जेवायला बसला आणि मुन्याओ माझ्या स्टेअरिंगवर. कीथेनी फाट्यावर एक बाई कोंबड्या घेऊन हात करत होती. मागून दुसरी मटाटू येत होती, तिच्या आधी ही बाई आपल्याला मिळावी म्हणून मुन्याओनं मला डांबरावरून एकदम मुरमावर घेतलं. माझे ब्रेक चांगले होते. हे आधी सांगते, कारण माणसं अशा वेळी गाडीवर ढकलून मोकळी होतात. ब्रेक लागले, पण मुरूम सुटा होता. माझं डावं पुढचं चाक घसरत आंब्याखाली गेलं आणि कामेनेच्या लांब केलेल्या उजव्या पायावर थांबलं.

ती ओरडली नाही. वाखाचा ढीग मात्र उडाला आणि माझ्या काचेवर येऊन बसला.

माणसं धावली. कुणीतरी किलोन्झोला बोलावलं. तो हातात चमचा तसाच घेऊन पळत आला. सगळ्या बाजारानं तो चमचा पाहिला. मग सगळ्यांनी मिळून मला उचलून बाजूला केलं. पण शिपाई आला तेव्हा मुन्याओच्या हाताला सवय होती, त्यानं झापेमागचं लाल पुस्तक काढून पुढं केलं. शिपायानंही सवयीप्रमाणं रंग बघितला आणि आतलं नाव उतरवून घेतलं. झालं. कागदोपत्री गाडी किलोन्झो चालवत होता. तो तिथंच उभा होता, चमच्यासकट.

कामेनेचा पाय मांडीच्या मधून कापावा लागला.

दवाखान्यातून ती परत आली तेव्हा मुन्याओ दारात उभा होता, एक हातगाडी घेऊन. बाजारात बटाट्याची पोती ओढतात तसली. तिला उचलून गाडीवर बसवायचं, आंब्याखाली न्यायचं, संध्याकाळी परत आणायचं, हे त्यानं सुरू केलं. तिनंही नको म्हटलं नाही. वाटभर ती त्याला बोलत असायची. "खड्डा दिसतोय का? याला लायसन लागत नाही म्हणून वाटेल तसं ढकलू नकोस." तो मान खाली घालून ढकलायचा. डाव्या मांडीवर तिनं दोरी वळून बघितली. सैल व्हायची. व्यापाऱ्यांनी दाताखाली धरली आणि खाली ठेवली.

म्हणजे पाय गेला आणि पायाबरोबर पोट गेलं. तिला भरपाई मिळणं हाच एक रस्ता होता. आणि भरपाई मिळणार की नाही ते एका गोष्टीवर येऊन अडलं, स्टेअरिंगवर कोण होतं?

थांब्यावर खलबत झालं. लायसनवाला किलोन्झो चालवत होता असं सगळ्यांनी धरून चाललं तर कंपनी मुकाट देईल. म्हातारीला पैसे, वायुआबाईंची गाडी शाबूत, मुन्याओही सुटला. सगळ्यांचं भलं, फक्त किलोन्झोचं सोडून. त्याला निष्काळजीपणाबद्दल शिक्षा आणि लायसन जप्त. वायुआबाई साखर आणि चहापत्ती घेऊन कामेनेकडे गेल्या. ताई, तू एवढंच म्हण, असं त्यांनी तिला समजावलं. तुझ्याच भल्यासाठी म्हणतेय, असंही म्हणाल्या, आणि ते खोटं नव्हतं. कामेनेनं त्यांना बसायला बाक दिला, त्यांच्याच साखरेचा चहा पाजला, आणि हो म्हणाली नाही की नाही म्हणाली नाही.

पण चमच्याची गोष्ट अशी होती की ती कुणाच्या पोटात राहीना. फिरत फिरत ती नैरोबीला कंपनीपर्यंत पोचली, आणि कंपनीनं चौकशीला ओकुमू साहेबांना पाठवलं.

पुढं काय झालं तेही इथंच सांगून टाकते, कारण शेवटी मला दुसरं काहीतरी ठेवायचं आहे.

खटला उभा राहिला. ओकुमू साहेब आवारातल्या त्या भांडणानंतर फारसे बोलले नाहीत, त्यांच्या कंपनीचे वकील बोलले. न्यायाधीशांनी सांगितलं की जखमी बाईचे पैसे कंपनीनं आधी द्यायचे. गाडी बिनलायसनच्या हातात गेली हा मालकिणीनं मोडलेला करार, त्याची वसुली कंपनीनं मालकिणीकडून करावी, म्हातारीच्या पायातून नाही. निकाल मी ऐकला तो माझ्या अंगाला टेकलेल्या वकिलाकडून. त्यानं तो चांगला सांगितला, पण कामेनेपेक्षा बराच लांबवून.

वायुआबाईंना मला विकावं लागलं. त्यांचं स्वतःचं आंब्याचं शेतही गेलं. दोन वर्षं त्या कामेनेच्या समोरून मान फिरवून जात होत्या. मग एका दिवशी थांबल्या आणि बाक मागितला. काय बोलणं झालं ते मला माहीत नाही, माझी चाकं तोवर निघाली होती.

मुन्याओ लायसनच्या परीक्षेला बसला. दोनदा नापास झाला, दोन्ही वेळा घाईनं. आता पास आहे, असं ऐकते. किलोन्झो दुसऱ्याच्या गाडीवर आहे आणि लायसन शर्टाच्या खिशात ठेवून जेवतो, मुथोकोई सांडून ते पिवळं पडलंय म्हणतात. कामेनेनं दोरी वळायला दोन बायका ठेवल्यात आणि दिवसभर त्यांच्या चुका काढत बसते.

माझं म्हणाल तर इंजिन पिठाच्या गिरणीला गेलं, सीटा एका खानावळीला. धड वेल्डिंगच्या दुकानामागं विटांवर ठेवलंय. आत कोंबड्या अंडी घालतात. मला त्याचं वाईट वाटत नाही, कोंबड्या भाडं देत नाहीत पण भांडतही नाहीत. काच अजून शाबूत आहे. तिच्या कोपऱ्यात डिंकाचे चौकोन आहेत, एकावर एक, बाईंनी भरलेल्या प्रत्येक महिन्याचे. मला कधी भंगारात घातलंत तर ती काच तेवढी हळू उतरवा. बाकीचं कसंही तोडा.

आता ते भांडण.

"आजींना विचारा," हातगाडीवर बसलेल्या कामेनेकडे बोट करून ओकुमू साहेब म्हणाले. ते घामेजले होते, टाय सैल केला होता. "तुम्ही दोघं एकमेकांवर ढकलताय. ज्यांना लागलं त्यांनी ड्रायव्हरचं तोंड बघितलं असेलच. आजी, तुम्ही सांगा. हा किलोन्झो चालवत असेल तर कंपनी बघून घेईल. आणि हा, ज्यानं तुम्हाला इथं ढकलत आणलं, तो असेल, तर त्याच्याकडे लायसन नव्हतं, करार मोडला, कंपनी बाजूला झाली. मग तुम्हाला जे काही हवं असेल ते याच्याकडून घ्या."

सगळ्यांनी मुन्याओकडे बघितलं. त्याच्याकडे घेण्यासारखी एक हातगाडी होती, तीही भाड्याची.

वायुआबाई कामेनेकडे बघत होत्या. असं बघणं मी फार वेळा पाहिलंय, शेवटची मटाटू सुटताना थांब्यावर राहिलेली माणसं तसं बघतात. किलोन्झोनं टोपी काढून हातात धरली. मुन्याओचं तोंड उघडलं होतं, तो काहीतरी म्हणणार होता. कामेनेनं त्याला हातानंच गप्प केलं.

"मला गाडीच्या समोर ने," ती म्हणाली. "सावकाश."

त्यानं हातगाडी माझ्या तोंडासमोर आणली. तिनं माझ्या काचेकडे बघितलं. अपघाताच्या महिन्याचा कागद अजून तिथंच होता, उन्हानं फिका पडलेला. तिनं तो मोठ्यानं वाचला, कंपनीचं नाव, माझा नंबर, तारीख. एकही अक्षर अडलं नाही.

मग म्हणाली, "गाडी मुन्याओ चालवत होता. किलोन्झो जेवत होता. चमचा मीही बघितला, चाकाखालून."

वायुआबाई माझ्या पायरीवर खाली बसल्या. ओकुमू साहेबांनी फाइल मिटली.

"मग संपलं," ते म्हणाले. "आजी, खरं बोललात, आभारी आहे. पण कंपनीचा याच्याशी आता संबंध नाही."

"एक काम करा साहेब," कामेने म्हणाली. "गाडीत बसा. ड्रायव्हरच्या जागेवर."

"कशाला?"

"म्हातारी मागतेय म्हणून बसा. किलोन्झो, दार उघड साहेबांना."

साहेब चिडले होते, पण ठाण्यातले शिपाईही आता बाहेर येऊन उभे होते. ते आत चढले आणि माझ्या स्टेअरिंगमागं बसले. जागा त्यांना आखूड पडली.

"आता तो कागद वाचून दाखवा," कामेने बाहेरून म्हणाली.

साहेबांनी मान वाकडी करून बघितलं. "इथून काय वाचू? इथून नुसती कोरी पाठ दिसते."

"हो ना," हातगाडीवरून ती म्हणाली, "तो कागद चालवणाऱ्याकडे तोंड करून लावतच नाहीत साहेब, रस्त्याकडे तोंड करून लावतात, आणि रस्त्यावर मी बसले होते."